सुब्रतो मुखर्जी : वायुदलाचा पाया आणि शाळकरी मुलांचा चषक

नवी दिल्लीच्या नैर्ऋत्य भागातील आर. के. पुरम ही केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांची जुनी वसाहत. नोकरीच्या निमित्ताने देशाच्या सर्व प्रांतांतून राजधानीत आलेल्या कुटुंबांच्या पिढ्या येथे वाढल्या. त्यांत मराठी कुटुंबेही आहेत. या वसाहतीपासून थोड्याच अंतरावर, धौला कुआँकडून गुरुग्रामकडे जाणाऱ्या महामार्गालगत भारतीय वायुदलाचा विस्तीर्ण परिसर लागतो. वायुदलाच्या पश्चिम कमांडचे मुख्यालय तेथेच आहे. या परिसराचे नाव सुब्रतो पार्क.

हे नाव देशभरातील शाळकरी मुलांना आणखी एका कारणाने ठाऊक आहे. जिल्ह्याच्या मैदानावर फुटबॉल खेळणाऱ्या विद्यार्थ्याच्या दृष्टीने ‘सुब्रतो’ म्हणजे दिल्लीपर्यंत पोहोचवणारी स्पर्धा. मात्र ज्यांच्या स्मरणार्थ हा परिसर आणि हा चषक ओळखला जातो, ते एअर मार्शल सुब्रतो मुखर्जी कोण होते, हे त्या मुलांपैकी फार थोड्यांना माहीत असते. स्वतंत्र भारताच्या वायुदलाचे ते पहिले भारतीय प्रमुख. अवघे ४९ वर्षांचे आयुष्य लाभलेल्या या अधिकाऱ्याने ज्या दोन गोष्टींच्या पायाभरणीत वाटा उचलला, त्या दोन्हींचे पूर्ण रूप पाहणे त्यांच्या वाट्याला आले नाही.

सुब्रतो मुखर्जी यांचा जन्म ५ मार्च १९११ रोजी कलकत्त्यात झाला. घराणे बंगालमधील सुशिक्षित, सुधारणावादी परंपरेतील. वडील सतीशचंद्र मुखर्जी हे इंडियन सिव्हिल सर्व्हिसमध्ये अधिकारी होते. आई चारुलता या समाजकार्यात रमलेल्या होत्या. आईचे वडील डॉ. प्रसन्नकुमार रॉय यांनी कलकत्त्याच्या प्रेसिडेन्सी कॉलेजचे पहिले भारतीय प्राचार्यपद भूषवले होते. चार भावंडांत सुब्रतो सर्वांत धाकटे. अवघ्या काही महिन्यांचे असताना ते कुटुंबासमवेत इंग्लंडला गेले आणि बालपणीचा काही काळ तेथेच गेला. पुढचे शालेय शिक्षण बंगालमध्ये झाले.

घरात विमानाचे आकर्षण निर्माण होण्यास एक कारण होते. आप्तांपैकी इंद्रलाल रॉय पहिल्या महायुद्धात ब्रिटिशांच्या रॉयल फ्लाइंग कोअरमध्ये दाखल झाले होते. अल्पावधीत शत्रूची दहा विमाने पाडणाऱ्या या तरुण वैमानिकाला जुलै १९१८ मध्ये फ्रान्सच्या आकाशात वीरमरण आले, तेव्हा सुब्रतो सात वर्षांचे होते. भारतीय माणूस उत्तम वैमानिक होऊ शकतो, हे या घराला कोणी नव्याने सांगण्याची गरज नव्हती. सरकारला मात्र ते पटायला आणखी बारा वर्षे लागली.

तोपर्यंत देशातील वातावरण बदलले होते. १९३० हे मिठाच्या सत्याग्रहाचे वर्ष. सुब्रतो यांची थोरली बहीण रेणुका महात्मा गांधींच्या प्रभावाने राष्ट्रीय चळवळीत ओढली गेली होती. पुढे रेणुका राय या नावाने त्या संविधान सभेच्या सदस्य, पश्चिम बंगालच्या मंत्री आणि खासदार झाल्या. त्याच वर्षी त्यांचा धाकटा भाऊ इंग्लंडमधील क्रॅनवेल येथील रॉयल एअर फोर्स महाविद्यालयात दाखल झाला. एकाच घरातील एक वाट राजसत्तेच्या विरोधात, तर दुसरी राजाच्या सनदेकडे जात होती. स्वतंत्र देशाला पुढे या दोन्ही वाटांची गरज भासली, हे आज मागे वळून पाहताना सहज लक्षात येते. त्या काळी मात्र गणवेश घालणाऱ्या भारतीय तरुणाला दोन्ही बाजूंच्या शंकेला तोंड द्यावे लागे. ब्रिटिश वरिष्ठांना त्याच्या क्षमतेविषयी शंका, तर स्वकीयांना त्याच्या निष्ठेविषयी.

क्रॅनवेलसाठी निवडलेल्या भारतीयांची ती पहिली तुकडी केवळ सहा जणांची होती. त्यांपैकी हरीशचंद्र सरकार, सुब्रतो मुखर्जी, भूपेंद्र सिंग, ऐजाद बक्ष आवान आणि अमरजित सिंग हे पाच जण वैमानिक झाले, तर टंडन यांच्याकडे साधनसामग्रीची जबाबदारी आली. ८ ऑक्टोबर १९३२ रोजी भारतीय वायुदलाची कायद्याने स्थापना झाली आणि त्याच दिवशी मुखर्जी यांना अधिकारपदाची सनद मिळाली. वायुदल आणि त्यांचे सेवाजीवन यांची सुरुवात अशी एकाच तारखेला झाली.

१ एप्रिल १९३३ रोजी कराचीजवळच्या ड्रिग रोड येथे पहिली स्क्वाड्रन उभी राहिली. सहा अधिकारी, १९ हवाई शिपाई आणि चार जुनी वापिती विमाने एवढाच तिचा पसारा होता. दोन पंखांची, उघड्या कक्षाची ती संथ विमाने भूदलाला साहाय्य करण्यासाठी वापरली जात. पहिल्या वर्षाच्या आतच भूपेंद्र सिंग आणि अमरजित सिंग यांचा विमान अपघातात मृत्यू झाला. उरलेल्यांच्या वाटाही यथावकाश वेगळ्या होत गेल्या. पाच वैमानिकांच्या त्या पहिल्या फळीपैकी स्वतंत्र भारताच्या वायुदलाच्या शिखरापर्यंत पोहोचणारे मुखर्जी हे एकटेच. त्यामुळे त्यांच्या प्रत्येक पदोन्नतीबरोबर ‘पहिले भारतीय’ हे विशेषण जोडले गेले. तुकडीचे, स्क्वाड्रनचे आणि त्यानंतर संपूर्ण हवाई तळाचे नेतृत्व करणारे ते पहिले भारतीय अधिकारी ठरले.

हा मान कागदावरचा नव्हता. वायव्य सरहद्द प्रांतातील डोंगराळ मुलखात वायुदलाच्या या पहिल्या स्क्वाड्रनची कसोटी लागली. १९४० मध्ये वझिरिस्तानात भूदलाची एक छोटी चौकी टोळीवाल्यांच्या वेढ्यात सापडली. दारूगोळा संपत आल्याचा इशारा सैनिकांनी जमिनीवरून दिला, तेव्हा मुखर्जी यांचे विमान त्या भागावर होते. गोळ्या खाली पोहोचवण्याचे कोणतेही साधन विमानात नव्हते. त्यांनी आणि त्यांच्या मागे बसलेल्या तोफचीने विमानातील मशीनगनच्या गोळ्या काढल्या, पायांतील मोज्यांत भरल्या आणि अगदी खाली येऊन त्या वेढलेल्या सैनिकांपाशी टाकल्या. मदत येईपर्यंत चौकी तग धरू शकली. स्वतःच्या विमानाची बंदूक रिकामी करून शत्रूच्या माऱ्यात खाली उतरणे म्हणजे काय, हे उडणाऱ्यालाच कळते.

या धकाधकीच्या काळात, १९३९ मध्ये, त्यांचा विवाह शारदा पंडित यांच्याशी झाला. या विवाहाने बंगालच्या या घराण्याचे महाराष्ट्राशी नाते जुळले. शारदाबाई राजकोटमध्ये स्थायिक झालेल्या मराठी पंडित कुटुंबातील. संस्कृतचे विद्वान आणि राजतरंगिणीचे इंग्रजी अनुवादक रणजित सीताराम पंडित हे त्यांचे काका, तर विजयालक्ष्मी पंडित या काकू. मुंबईत शिक्षण झालेल्या शारदाबाईंनी सैनिकी जीवनातील बदल्या, विरह आणि अनिश्चितता पतीबरोबर वाटून घेतली. पुढे या नात्याचे धागे कोकणच्या सार्वजनिक जीवनापर्यंत गेले.

दुसऱ्या महायुद्धात भारतीय वायुदलाचा झपाट्याने विस्तार झाला. ऑगस्ट १९४३ मध्ये मुखर्जी यांच्याकडे कोहाट येथील हवाई तळाची सूत्रे आली. ब्रिटिश वायुदलाचा तळ भारतीय अधिकाऱ्याच्या हाती देण्याचा तो पहिला प्रसंग. ब्रह्मदेशाच्या आघाडीवर भारतीय वैमानिक शौर्य गाजवत होते, तेव्हा मुखर्जी यांच्या वाट्याला आले ते प्रशिक्षण, व्यवस्था आणि प्रशासन यांचे काम. त्यास रणांगणाची झळाळी नसते. परंतु सैन्यदल टिकते ते अशाच कामावर. १९४५ मध्ये त्यांना ओबीई हा किताब मिळाला.

१९४७ मध्ये स्वातंत्र्य आले ते फाळणीसह. विमाने, तळ, कार्यशाळा, सुटे भाग आणि माणसे अशा सर्वांचीच वाटणी झाली. कराची, पेशावर, कोहाट, मीरानशाह अशी ज्या ठिकाणी वायुदल लहानाचे मोठे झाले होते, ती सर्व नावे सीमेपलीकडे गेली. कालपर्यंत एका मेसमध्ये जेवणारे अधिकारी दोन देशांच्या गणवेशांत विभागले गेले. पाठोपाठ काश्मीरमधील संघर्ष सुरू झाला आणि श्रीनगरला सैन्य व रसद पोहोचवण्याचे अवघड काम नव्या दलावर येऊन पडले.

अशा वेळी वायुदलातील सर्वांत ज्येष्ठ भारतीय अधिकारी मुखर्जी हेच होते. त्यांचे वय मात्र ३६ होते आणि एवढ्या मोठ्या दलाचा कारभार एकहाती चालवण्याचा अनुभव तोपर्यंत कोणाही भारतीयाला मिळू दिला गेला नव्हता. सरकारने काही काळ ब्रिटिश अधिकाऱ्यांनाच प्रमुखपदी ठेवण्याचे ठरवले. थॉमस एल्महर्स्ट, रोनाल्ड आयव्हलॉ-चॅपमन आणि जेराल्ड गिब्ज असे तीन प्रमुख एकामागोमाग आले. भूदलाला जनरल करिअप्पा यांच्या रूपाने जानेवारी १९४९ मध्येच भारतीय सेनापती मिळाला होता. मुखर्जी यांना त्यानंतर आणखी पाच वर्षे वाट पाहावी लागली.

ही वर्षे त्यांनी उपप्रमुख म्हणून शिकण्यात आणि घडवण्यात घालवली. वायुदल हे भूदलाचे शेपूट नसून स्वतंत्र, समान दर्जाचे दल आहे, ही रचना एल्महर्स्ट यांच्या काळात आकाराला आली. तिच्या घडणीत मुखर्जी यांचा वाटा होता. लंडनच्या इम्पीरियल डिफेन्स कॉलेजमधील अभ्यासक्रम पूर्ण करून ते परतले आणि १ एप्रिल १९५४ रोजी एअर मार्शल या हुद्द्यावर वायुदलाच्या प्रमुखपदी आरूढ झाले. चार वापिती विमानांच्या पहिल्या स्क्वाड्रनला त्या दिवशी बरोबर २१ वर्षे पूर्ण होत होती.

पुढील साडेसहा वर्षांत वायुदलाचे रूप पालटले. पंख्याच्या विमानांचे युग संपून जेट विमानांचे युग सुरू झाले होते. फ्रान्सची तुफानी आणि मिस्टेअर, ब्रिटनची हंटर, कॅनबेरा आणि नॅट अशी विमाने याच काळात दलाचा कणा बनली. विमान खरेदी करणे हा या बदलाचा सोपा भाग. त्यासाठी लांब धावपट्ट्या, नव्या कार्यशाळा, प्रशिक्षित तंत्रज्ञ आणि वेगळ्या विचारसरणीचे वैमानिक लागतात. पुण्याजवळ खडकवासला येथे राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीचे काम जानेवारी १९५५ मध्ये सुरू झाले आणि भूदल, नौदल व वायुदलाचे भावी अधिकारी तेथे एकत्र शिकू लागले. परदेशी महाविद्यालयात सहा जणांची निवड होण्यापासून सुरू झालेला प्रवास स्वदेशातील प्रबोधिनीपर्यंत येऊन पोहोचला होता.

या तयारीची परीक्षा त्यांच्या पश्चात झाली. डिसेंबर १९६१ मध्ये गोवा मुक्तीच्या कारवाईत दाभोळीच्या धावपट्टीवर कॅनबेरा विमानांनी बॉम्बफेक केली, तर बांबोळीच्या बिनतारी केंद्रावर हंटर विमाने चालून गेली. १९६५ च्या युद्धात नॅट आणि मिस्टेअर विमानांनी नाव कमावले. त्या विमानांना वायुदलात रुजवणारा प्रमुख तोपर्यंत हयात नव्हता.

या सगळ्या व्यापात मुखर्जी यांच्या मनात खेळाला निश्चित स्थान होते. त्या दशकात भारतीय फुटबॉल बहरात होते. १९४८ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये भारताचे बहुतेक खेळाडू अनवाणी खेळले होते. १९५१ मध्ये दिल्लीतच झालेल्या पहिल्या आशियाई क्रीडा स्पर्धेत भारताने सुवर्णपदक पटकावले आणि १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये संघ चौथा आला. सिमल्यात १८८८ मध्ये सुरू झालेला आणि पुढे दिल्लीत आलेला ड्युरँड चषक, मुंबईचा रोव्हर्स चषक, राज्यांसाठीचा संतोष करंडक अशा मोठ्या स्पर्धा देशात होत्या. परंतु त्या सर्व तयार खेळाडूंसाठी होत्या. खेळाडू तयार कुठे व्हावेत, या प्रश्नाला देशव्यापी उत्तर नव्हते. शाळांचे संघ देशपातळीवर एकमेकांसमोर उभे राहतील अशी स्पर्धा असावी, ही कल्पना मुखर्जी यांची. सैनिकी अधिकाऱ्याच्या दृष्टीने पाहता ती स्वाभाविक होती. दल मोठे करायचे तर भरती आणि प्रशिक्षण यांचा पाया रुंद हवा, हा धडा त्यांनी सेवेत आयुष्यभर गिरवला होता.

ही स्पर्धा १९६० मध्ये सुरू झाली. त्याच वर्षाच्या नोव्हेंबरमध्ये एअर इंडियाच्या टोकियो सेवेच्या शुभारंभानिमित्त मुखर्जी जपानला गेले. ८ नोव्हेंबर रोजी टोकियोतील एका उपाहारगृहात स्नेह्यासमवेत जेवत असताना अन्नाचा घास त्यांच्या श्वासनलिकेत अडकला. वैद्यकीय मदत मिळण्यापूर्वीच त्यांची प्राणज्योत मालवली. सरहद्दीवरील डोंगरदऱ्यांत उघड्या विमानातून उडताना ज्याने मृत्यूला अनेकदा हुलकावणी दिली, त्याला तो परक्या शहरात, शांततेच्या काळात, जेवणाच्या मेजावर गाठेल, असे कोणाच्याही मनात आले नसेल. त्यांचे पार्थिव पालम विमानतळावर आणण्यात आले. पूर्ण लष्करी इतमामात अंत्यसंस्कार झाले. आयुष्याच्या प्रत्येक वर्षासाठी एक याप्रमाणे ४९ विमानांनी आकाशातून मानवंदना दिली. चार विमानांच्या दलात प्रवेश केलेल्या अधिकाऱ्याला त्याच दलाने दिलेला तो निरोप होता.

शारदाबाईंनी दुःख बाजूला सारून सार्वजनिक जीवनात पाऊल ठेवले. १९६२ मध्ये रत्नागिरी मतदारसंघातून त्या लोकसभेवर निवडून आल्या आणि १९६७ मध्येही मतदारांनी त्यांना पुन्हा संधी दिली. पुढे आंध्र प्रदेश आणि गुजरात या राज्यांच्या राज्यपालपदाची धुरा त्यांनी सांभाळली. २००७ मध्ये त्यांचे निधन झाले.

मुखर्जी यांच्या कल्पनेतील शालेय स्पर्धेला त्यांचेच नाव मिळाले आणि वायुदलाने ती आपली जबाबदारी मानली. सुब्रतो मुखर्जी क्रीडा शिक्षण संस्थेमार्फत तिचे आयोजन होते. तालुका, जिल्हा आणि राज्य पातळीवर विजयी ठरलेली शाळा दिल्लीच्या अंतिम फेरीत येते. तेथे गटसाखळी आणि त्यानंतर बाद पद्धतीचे सामने होतात. दिल्ली गेटजवळच्या आंबेडकर स्टेडियमने असे अनेक अंतिम सामने पाहिले आहेत. मुलांच्या दोन वयोगटांबरोबर पुढे मुलींच्या गटाचीही भर पडली. बांगलादेश, नेपाळ, श्रीलंका, अफगाणिस्तान अशा देशांतील शालेय संघांनीही येथे हजेरी लावली आहे. १९९२ च्या स्पर्धेत सिक्कीमकडून खेळणारा एक मुलगा सर्वोत्कृष्ट खेळाडू ठरला. त्याचे नाव बायचुंग भुतिया. पुढे तो अनेक वर्षे भारतीय संघाचा कर्णधार होता.

त्याच १९९२ मध्ये जगाच्या दुसऱ्या टोकाला एका मोठ्या चषकाचा शेवट झाला होता. सोव्हिएत संघाचा राष्ट्रीय फुटबॉल चषक १९३६ मध्ये सुरू झाला. मॉस्कोचा लोकोमोटिव्ह संघ पहिला विजेता ठरला. युक्रेनपासून मध्य आशियापर्यंतचे संघ बाद पद्धतीच्या या एका स्पर्धेत उतरत. १९९१ च्या अखेरीस सोव्हिएत संघच विसर्जित झाला आणि मे १९९२ मध्ये, अस्तित्वात नसलेल्या देशाच्या नावाने अखेरचा अंतिम सामना खेळला गेला. स्पार्टाक मॉस्कोने तो जिंकला आणि चषक इतिहासजमा झाला. महासत्तेचा आधार असलेली स्पर्धा त्या सत्तेबरोबर संपली. शाळांच्या आधारावर उभी असलेली दिल्लीतील स्पर्धा मात्र चालू राहिली, कारण शाळेत दरवर्षी नवी मुले येतात.

भारतीय फुटबॉल १९५० च्या दशकातील उंचीवर पुन्हा पोहोचलेले नाही, हे खरे आहे. एका स्पर्धेने ते साधणारही नव्हते. प्रशिक्षक, मैदाने आणि पोषण यांचा प्रश्न अनेक शाळांपुढे आजही आहे. तरीही डोंगराळ राज्यातील किंवा आदिवासी पट्ट्यातील एखाद्या शाळेचा संघ आपल्या शाळेच्या नावाने राजधानीत येतो आणि मोठ्या शहरातील नामांकित शाळेला बरोबरीच्या नात्याने भिडतो, अशी जागा या चषकाने निर्माण केली. बाद पद्धतीच्या सामन्यात घराण्याची, शहराची वा शाळेच्या शुल्काची नोंद होत नाही. मोजले जातात ते केवळ गोल.

आपल्या सेवेत मुखर्जी यांना वारंवार पहिले व्हावे लागले. कारण त्यांच्याआधी भारतीयांसाठी ती दारे बंद होती. सहा जणांतून एक निवडला जातो आणि उरलेल्या देशाला संधीच मिळत नाही, याचा अनुभव त्यांनी घेतला होता. त्यांनी उभारणीस हातभार लावलेल्या वायुदलात आज देशाच्या कोणत्याही खेड्यातील तरुण-तरुणी वैमानिक होण्याचे स्वप्न पाहू शकतात. त्यांच्या नावाच्या चषकासाठी कोणत्याही शाळेचा संघ मैदानात उतरू शकतो. सुब्रतो पार्ककडून मैदानाकडे निघालेल्या मुलांच्या पाठीवर त्यांच्या शाळेचे नाव असते, आणि ज्या माणसाने त्यांच्यासाठी ही वाट मोकळी करून दिली त्याचे नाव ते जिंकायला आलेल्या चषकावर असते.